तपास दुसऱ्या हाती देण्याच्या मागण्या: सुरतच्या संदर्भात प्रस्तावना

गुन्हा दाखल झाला की त्याचा तपास कोणी करायचा, हे पोलीस खाते ठरवते. फिर्यादीला अधिकारी निवडता येत नाही, आरोपीला तर नाहीच. तरीही ‘तपासी अंमलदार बदलून मिळणेबाबत’ अशा विषयाचे अर्ज पोलीस आयुक्तांच्या आवक बारनिशीत, दंडाधिकाऱ्यांपुढे आणि उच्च न्यायालयात सतत येत असतात. या मागणीसाठी कायद्यात स्वतंत्र कलम मात्र नाही. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ते नव्हते आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही ते घातलेले नाही. तपास एका हातून दुसऱ्या हाती देण्याचा सारा कायदा इतर कलमांच्या आधाराने आणि निकालांतून उभा राहिला आहे. त्यामुळे कोणता अर्ज कुठे करायचा, याबाबत पक्षकार आणि पुष्कळदा वकीलही गोंधळतात.

सुरतमध्ये हा विषय अधिक गुंतागुंतीचा होतो, कारण तिथल्या तक्रारींचा मोठा भाग व्यवहारातून निघतो. रिंग रोडवरच्या कापड मार्केटात उधारीवर माल उचलून दुकान बंद करून पसार होण्याच्या प्रकाराला तिथे ‘उठमणुं’ म्हणतात. हिरेबाजारातही हेच घडते. शहर वाढले तशा काठच्या गावांतल्या शेतजमिनी सोन्याच्या भावाच्या झाल्या, आणि त्यांच्याबरोबर साठेखते, कुलमुखत्यारपत्रे व सातबाऱ्यावरच्या नोंदींचे वाद आले. अशा प्रकरणात दोन्ही बाजूंना पोलिसांचा उपयोग दिवाणी दाव्यापेक्षा जलद वाटतो. साहजिकच ज्या बाजूला तपास आपल्याविरुद्ध जातोय असे वाटते, ती बाजू अधिकारी बदलून मागते. सुरतच्या बहुतेक अर्जांचे मूळ इथे आहे. छळाच्या किंवा खुनाच्या प्रकरणातले अर्ज वेगळ्या जातीचे असतात आणि न्यायालये त्यांच्याकडे अधिक गंभीरपणे पाहतात.

तपास दुसरीकडे जाणे ही दर वेळी अविश्वासाची खूण नसते. पहिला प्रकार हद्दीचा. ऑक्टोबर २०१३ मध्ये सुरतच्या जहांगीरपुरा पोलीस ठाण्यात दोन बहिणींनी आसाराम आणि त्याचा मुलगा नारायण साई यांच्याविरुद्ध बलात्काराच्या फिर्यादी दिल्या. नारायण साईविरुद्धचा गुन्हा सुरतमध्येच राहिला. आसारामविरुद्धच्या फिर्यादीतली घटना अहमदाबादजवळच्या मोटेरा आश्रमातली असल्याने तो तपास चांदखेडा पोलिसांकडे गेला. एकाची शिक्षा एप्रिल २०१९ मध्ये सुरतच्या सत्र न्यायालयात झाली, दुसऱ्याची जानेवारी २०२३ मध्ये गांधीनगरमध्ये. हद्द नसली तरी गुन्हा नोंदवून घेऊन तो योग्य ठाण्याकडे पाठवण्याच्या या ‘झिरो एफआयआर’च्या पद्धतीला नव्या संहितेच्या कलम १७३ ने आता स्पष्ट आधार दिला आहे. अशा हस्तांतराला न्यायालयाच्या हुकुमाची गरज लागत नाही.

दुसरा प्रकार प्रशासकीय. ठाण्याच्या उपनिरीक्षकाकडचा तपास आयुक्त गुन्हे शाखेकडे देतात. आर्थिक गुन्हा मोठा असेल तर सुरतमध्ये ज्याला सगळे ‘इको सेल’ म्हणतात त्या शाखेकडे देतात. वरिष्ठ अधिकाऱ्याला आपल्या हद्दीत ठाणे अंमलदाराचे सर्व अधिकार वापरता येतात (जुने कलम ३६, नवे ३०), त्यातून हे घडते. याच नारायण साई प्रकरणात, खटला ढिला करण्यासाठी पैसे घेतल्याच्या आरोपावरून सुरत गुन्हे शाखेतल्याच एका उपनिरीक्षकाला शहर पोलिसांनीच अटक केली होती. तपासात शिरलेली कीड खात्याने स्वतः शोधून काढण्याचे हे उदाहरण आहे, आणि अशी उदाहरणे अगदीच विरळ नाहीत.

या प्रस्तावनेचा विषय तिसरा प्रकार आहे: पक्षकार न्यायालयात येऊन म्हणतो, या अधिकाऱ्याच्या हातून न्याय्य तपास होणार नाही.

अशा मागणीपुढे न्यायालय बिचकते त्याला कारण आहे. लाहोरहून गेलेल्या ख्वाजा नझीर अहमद प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने १९४४ साली घालून दिलेली रेघ अजून पुसलेली नाही. तपास हे पोलिसांचे क्षेत्र, निवाडा हे न्यायालयाचे. दोघांची कामे एकमेकांना पूरक आहेत, एकमेकांवर चढणारी नाहीत. १९७८ साली रामचंदर सिंह सागर प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी आणखी एक गैरसमज दूर केला. खटला एका राज्यातून दुसऱ्या राज्यात वर्ग करण्याचे कलम ४०६ (आता ४४६) खटल्यांसाठी व अपिलांसाठी आहे. प्रथम खबर किंवा रिमांडचा कागद एखाद्या न्यायालयात पोहोचला एवढ्यावरून त्या कलमाखाली तपासच दुसऱ्या ठाण्याकडे पाठवता येत नाही. आजही ‘केस ट्रान्सफर’ म्हणून पक्षकार जे मागतो ते कित्येकदा प्रत्यक्षात तपासाचे हस्तांतर असते, आणि चुकीच्या कलमाखाली आलेला अर्ज तिथेच संपतो.

मग दार कोणते? सर्वांत जवळचे दार वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याचे. ठाण्याने फिर्याद घेतली नाही तर कलम १७३(४) खाली लेखी अर्ज पोलीस अधीक्षकांकडे जातो. आयुक्तालयात त्याच्या जागी पोलीस आयुक्त किंवा उपायुक्त असतात. सुरतमध्ये इथे पहिली अडचण उभी राहते. तक्रार बहुधा आधी ‘अरजी’ म्हणून घेतली जाते, तिची चौकशी चालते, दोन्ही बाजूंना बोलावून जबाब होतात, आणि गुन्हा मात्र दाखल नसतो. गुन्हाच नाही तर तपास नाही, आणि तपासच नाही तर तो बदलून मागण्यातही अर्थ नाही. अशा वेळी पहिली मागणी गुन्हा नोंदवण्याची असायला हवी. नव्या संहितेने तीन वर्षे किंवा अधिक पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यांत प्राथमिक चौकशीला चौदा दिवसांची मुदत घातली आहे, त्यामुळे ‘अरजी चालू आहे’ हे उत्तर पूर्वीसारखे महिनोन्महिने चालवता येऊ नये.

दुसरे दार दंडाधिकाऱ्याचे, आणि हेच सर्वांत दुर्लक्षित. साकिरी वासू प्रकरणात २००७ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की कलम १५६(३) (आता १७५(३)) दंडाधिकाऱ्याला केवळ ‘गुन्हा नोंदवा’ म्हणण्यापुरता अधिकार देत नाही. तपास नीट होतोय ना हे पाहण्यासाठी लागणारे पूरक अधिकारही त्यात येतात. मुलाच्या मृत्यूचा तपास सीबीआयकडे मागणाऱ्या त्या पित्याला न्यायालयाने ती मागणी नाकारून खालच्या दाराकडे पाठवले होते. महाराष्ट्रातून गेलेल्या सुधीर तांबे प्रकरणात २०१० साली त्याच्याही पुढचे पाऊल पडले: दंडाधिकाऱ्याला आवश्यक वाटल्यास तो पोलीस अधीक्षकांना तपास अधिकारी बदलण्याची शिफारस करू शकतो. शब्द ‘शिफारस’ असा आहे, ‘हुकूम’ नाही; पण न्यायालयाची लेखी शिफारस अधीक्षकाला सहजी बाजूला सारता येत नाही. दंडाधिकाऱ्याची मर्यादा दुसरीकडे आहे. सीबीआयला तपास करायला तो सांगू शकत नाही, हे २००१ पासून ठरलेले आहे. नव्या कलमानुसार आता दंडाधिकाऱ्यापुढचा अर्ज शपथपत्रासह द्यावा लागतो, त्याआधी वरिष्ठाकडे गेल्याचे दाखवावे लागते आणि पोलिसांचे म्हणणेही ऐकले जाते.

तिसरे दार अहमदाबादच्या सोला भागातले. गुजरात उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खालच्या फौजदारी याचिकेला ‘स्पेशल क्रिमिनल ॲप्लिकेशन’ म्हणतात. तपास राज्य सीआयडीकडे, विशेष पथकाकडे किंवा सीबीआयकडे देण्याचा खरा अधिकार इथे आहे. पण इथे पहिला प्रश्न हाच येतो: खालची दोन दारे ठोठावली होती का?

सुरतमधूनच निघालेल्या एका प्रकरणाने या साऱ्या कायद्याला आजचे वळण दिले, आणि ते जरा सावकाश पाहण्यासारखे आहे. पुणा भागातल्या एका शेतजमिनीवरून २२ डिसेंबर २००९ रोजी सुरतमध्ये गुन्हा दाखल झाला. फिर्याद मालकांच्या वतीने कुलमुखत्याराने दिली होती. मालक परदेशात राहणारे असल्याचे त्यात म्हटले होते. आरोप बनावट कागदपत्रांचा आणि तडजोडीसाठी पैसे मागण्याचा. २२ एप्रिल २०१० रोजी दोषारोपपत्र गेले आणि दुसऱ्याच दिवशी दंडाधिकाऱ्याने दखल घेतली. जून २०११ मध्ये आरोपींनी अर्ज केला की पोलिसांनी दुसरी बाजू तपासलीच नाही, म्हणून पुढील तपास व्हावा. दंडाधिकाऱ्याने ऑगस्टमध्ये तो फेटाळला. जानेवारी २०१२ मध्ये सत्र न्यायालयाने मात्र तो मान्य केला, आणि तपास अधिकाऱ्याचे पुरवणी अंतरिम अहवालही आले. उच्च न्यायालयाने ते सारे रद्द केले; दखल घेतल्यावर दंडाधिकाऱ्याला हा अधिकारच उरत नाही, हे त्यामागचे कारण.

१६ ऑक्टोबर २०१९ रोजी न्या. नरिमन, न्या. सूर्यकांत आणि न्या. रामसुब्रमण्यन यांच्या पीठाने ‘विनुभाई हरिभाई मालविया विरुद्ध गुजरात राज्य’ या नावाने ओळखला जाणारा निकाल दिला. न्याय्य तपास हा अनुच्छेद २१ चा भाग आहे, आणि आरोपनिश्चिती होऊन खटला प्रत्यक्ष सुरू होईपर्यंत दंडाधिकारी पुढील तपासाचा आदेश देऊ शकतो, असे त्याने ठरवले. गुजरातमधूनच गेलेल्या अमृतभाई पटेल प्रकरणात २०१७ साली झालेला उलट निर्णय त्यामुळे बाद झाला. वकीलवर्गात या निकालाचा एवढाच भाग सांगितला जातो. शेवटचे परिच्छेद वाचले तर चित्र पालटते. कायद्याचा मुद्दा जिंकूनही आरोपींना पुढील तपास मिळाला नाही. त्यांच्या अर्जातली हकीकत मूळ गुन्ह्याच्या तपासाशी थेट जोडलेली नव्हती. ती खरे तर कधीच न नोंदलेली उलट फिर्याद होती. म्हणून सत्र न्यायालयाचा आदेश रद्दच राहिला. न्यायालयाने वेगळा मार्ग दिला: आरोपींच्या हकिकतीवर आठवड्याभरात गुन्हा नोंदवावा, त्याचा तपास पोलीस आयुक्तांनी नेमलेल्या वरिष्ठ अधिकाऱ्याने करावा आणि तीन महिन्यांत अहवाल द्यावा.

तपासाविषयीच्या गाऱ्हाण्यांत तीन वेगवेगळ्या गोष्टी मिसळलेल्या असतात, हे या शेवटातून दिसते. मूळ तपासात उणीव राहिली असेल तर पुढील तपास. आपली स्वतंत्र तक्रारच ऐकली गेली नसेल तर स्वतंत्र गुन्हा. आणि अधिकाऱ्याचा हेतूच संशयास्पद असेल तर हस्तांतर. सुरतच्या जमीन-प्रकरणात आठ वर्षे पहिल्या नावाखाली दुसरी मागणी चालली होती.

हेतूवर संशय सिद्ध करणे सर्वांत अवघड. अधिकारी उद्धट बोलला, फिर्यादीला तासन्‌तास बसवून ठेवले, समोरच्या पक्षाबरोबर चहा घेतला, असे मुद्दे याचिकेत भरपूर असतात आणि न्यायालय त्यांना फारसे वजन देत नाही. तपास अधिकारी स्वतःच फिर्यादी असला म्हणून तपास आपोआप दूषित होत नाही, हे मुकेश सिंह प्रकरणात घटनापीठाने ३१ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. २०१८ च्या मोहनलाल निकालाने उलट नियम घातला होता, तो मोडला गेला. वजन पडते ते कागदावरच्या विसंगतीला. अहमदाबाद जिल्ह्यातल्या बावळा इथे २००८ साली झालेल्या गटांच्या हाणामारीत पोलिसांनी दोन प्रथम खबरी नोंदवल्या होत्या. त्यांतला एकतर्फीपणा उच्च न्यायालयाला दिसला आणि तपास राज्य सीआयडीकडे गेला. बाबुभाई प्रकरण म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली ते कायम केले. तपास निःपक्ष नसेल तर त्यावर उभे राहिलेले दोषारोपपत्रही टिकत नाही, हे तत्त्व तिथून आले.

आरोपीची बाजू आणखी अरुंद आहे. आरोपीला तपास यंत्रणा निवडता येत नाही, हे गुजरातचे माजी पोलीस अधिकारी संजीव भट यांच्या प्रकरणात २०१५ साली, भीमा कोरेगाव प्रकरणातल्या अटकांबाबतच्या रोमिला थापर निकालात सप्टेंबर २०१८ मध्ये आणि मुंबई पोलिसांविरुद्धच्या अर्णब गोस्वामींच्या याचिकेत मे २०२० मध्ये पुन्हा पुन्हा सांगितले गेले. रोमिला थापर निकाल एकमताचा नव्हता, न्या. चंद्रचूड यांनी पुणे पोलिसांच्या पत्रकार परिषदांकडे बोट दाखवत विशेष पथकाच्या बाजूने मत दिले होते. बहुमताचा नियम कायदा म्हणून उभा आहे. त्याच्या काटेकोरपणाचा त्रास मात्र ज्यांच्यामागे पत्रकार किंवा नामवंत उभे नाहीत अशा आरोपींना जास्त होतो.

अर्ज प्रत्यक्ष कसा दिसतो, हे लिंबायत किंवा डिंडोलीत राहणाऱ्या एखाद्या खानदेशी कुटुंबाच्या नजरेने पाहिलेले बरे, कारण सुरतच्या पोलीस ठाण्यांत त्यांची अडचण वेगळीच असते. गुन्हा गुजरातीत लिहिला जातो. प्रथम खबर फिर्यादीला वाचून दाखवावी लागते आणि तिची प्रत विनामूल्य द्यावी लागते. तिच्यावर सही असते. पण तपासात घेतलेल्या साक्षीदारांच्या जबाबावर सही घेतलीच जात नाही, कायद्याने ती घ्यायची नसते. म्हणून ‘मी असे बोललोच नव्हतो’ हा वाद नंतर कागदावरून सुटत नाही. अशा वेळी अधिकारी बदलून मागण्याआधी दंडाधिकाऱ्यापुढे कलम १८३ खाली जबाब नोंदवण्याची विनंती करणे अधिक उपयोगी. तो जबाब न्यायालयाच्या नोंदीत जातो. अर्जाला लावायच्या कागदांत पोचेचा शिक्का असलेल्या प्रती, आवक क्रमांक, घटनास्थळाजवळच्या दुकानाचे सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवण्याची तारखेसह केलेली मागणी आणि पंचनाम्याच्या तारखा असाव्यात. चित्रण काही आठवड्यांत पुसले जाते. ते मागूनही घेतले नाही हे दाखवता आले, तर अधिकाऱ्याच्या स्वभावाविषयी चार पाने लिहिण्याची गरज उरत नाही. केस डायरी पक्षकाराला मिळत नाही, पण न्यायालय ती मागवून पाहू शकते, आणि पाने क्रमांकित ठेवण्याचे बंधन असल्याने मागाहून घुसवलेली नोंद लक्षात येऊ शकते. तपास कुठवर आला हे फिर्यादीला नव्वद दिवसांत कळवण्याचे बंधन नव्या संहितेने घातले आहे. ते न पाळले जाणे हाही अर्जातला ठोस मुद्दा होतो.

मुंबई इलाख्याचा वारसा गुजरात आणि महाराष्ट्र या दोन्ही राज्यांत सारखाच आहे, त्यामुळे तपास बंद करताना पोलीस इथेही ‘अ’, ‘ब’ किंवा ‘क’ समरी मागतात. ‘ब’ समरी म्हणजे फिर्याद खोटी व द्वेषबुद्धीची. ‘क’ म्हणजे गैरसमजातून आलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. व्यवहाराच्या तक्रारींवर सुरतमध्ये ही वारंवार पडते. समरीला आक्षेप घेण्याची संधी फिर्यादीला मिळते, आणि तपासातल्या त्रुटी दाखवण्याची तीच सर्वांत स्वस्त जागा आहे. ती सोडून थेट अहमदाबाद गाठणाऱ्याला परत तिथेच पाठवले जाते.

सीबीआयची मागणी आकर्षक असते. राज्याची संमती नसतानाही उच्च न्यायालय सीबीआयला तपास देऊ शकते, हे १७ फेब्रुवारी २०१० च्या पश्चिम बंगाल प्रकरणात घटनापीठाने मान्य केले. मात्र नेहमीची वाट म्हणून नव्हे, असेही बजावले. त्याच वर्षी जानेवारीत सोहराबुद्दीन चकमकीचा तपास, गुजरात पोलिसांचे दोषारोपपत्र आधीच दाखल असताना, सर्वोच्च न्यायालयाने सीबीआयकडे दिला. पण हस्तांतर म्हणजे शिक्षा नव्हे. माहिती अधिकार कार्यकर्ते अमित जेठवा यांचा २० जुलै २०१० रोजी गुजरात उच्च न्यायालयासमोरच खून झाला. २०१२ मध्ये उच्च न्यायालयाने तपास सीबीआयकडे दिला, साक्षीदार फुटल्यावर फेरखटलाही करायला लावला, २०१९ मध्ये शिक्षा झाल्या आणि २०२४ मध्ये त्याच उच्च न्यायालयाने सर्वांना निर्दोष सोडले. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनाचा तपास मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ मध्ये पुणे पोलिसांकडून सीबीआयकडे दिला; मे २०२४ च्या निकालात दोघांना शिक्षा झाली, तिघे सुटले. पहिल्या काही दिवसांत जे गोळा करायचे राहून गेले ते नव्या यंत्रणेला मागाहून मिळवता येईलच असे नाही.

अधिकाऱ्याने न्यायालयाचा हुकूमच मोडला असेल तर तपास बदलून मागण्याची गरज नसते. तिथे अवमान याचिका चालते. सुरतच्या वेसू पोलीस ठाण्यातल्या एका फसवणुकीच्या गुन्ह्यात सर्वोच्च न्यायालयाने ८ डिसेंबर २०२३ रोजी अंतरिम अटकपूर्व जामीन दिला असताना आरोपीला काही दिवसांतच पोलीस कोठडीत पाठवले गेले. ऑगस्ट २०२४ मध्ये पोलीस निरीक्षक आणि कोठडी देणाऱ्या न्यायिक दंडाधिकारी दोघेही अवमानाचे दोषी ठरले. अटकपूर्व जामीन देतानाच पोलिसांना रिमांड मागायची मुभा ठेवण्याची गुजरातमधली रूढ पद्धतही त्या निमित्ताने चुकीची ठरवली गेली.

हस्तांतर मंजूर झाल्यावर काय होते, याबद्दल फार कमी लिहिले जाते. आधीचे जबाब, पंचनामे, जप्त मुद्देमाल आपोआप रद्द होत नाहीत. नवा अधिकारी ते ताब्यात घेऊन पुढे चालतो. पहिला तपास पुसून नव्याने तपास करण्याचा आदेश फक्त उच्च आणि सर्वोच्च न्यायालय देऊ शकते, आणि तोही क्वचित. विनय त्यागी प्रकरणात २०१२ साली हा भेद पक्का झाला. अटकेतल्या आरोपीची साठ किंवा नव्वद दिवसांची मुदत पहिल्या रिमांडपासून चालत राहते. अधिकारी बदलला म्हणून ती पुन्हा शून्यावर येत नाही. म्हणून पंचावन्नाव्या दिवशी हाती आलेल्या तपासात नव्या अधिकाऱ्याचे पहिले काम कित्येकदा दोषारोपपत्र वेळेत घालणे हेच असते. उरलेला तपास मग कलम १९३(९) खाली चालू ठेवता येतो. खटला सुरू झाल्यानंतर त्यासाठी न्यायालयाची परवानगी लागते, मुदत नव्वद दिवसांची असते आणि ती न्यायालयाच्या परवानगीनेच वाढते.